अनोळखी उपकरण

तोंडवली, रविवार, १९ सप्टेंबर २०१०

गणपती गेले, चाकरमानी गेले, मोदक संपले. मागे उरले ते माझे अजीर्ण आणि हे लेखन. ही दैनंदिनी मी भावी इतिहासकारांच्या सोयीसाठी लिहितो, असे सहधर्मचारिणी विमला हिला गांभीर्याने सांगितले. ती म्हणाली, "मगे इतिहासकाराक सांगा, येताना दोन नारळ घेवन ये." अशा पर्यावरणात वाङ्मय फुलावे कसे?

तथापि आजचा विषय थट्टेचा नाही. पुतण्या प्रितेश आज मुंबईस परतला. त्याचा विवाह उर्वशी नामक सुलक्षणी कन्येशी डिसेंबरात योजिला आहे. पिशव्या ओट्यावर नेऊन ठेवल्यावर तो परत आत आला आणि कोणाकडेही न पाहता म्हणाला, "काका, छापखान्यात पत्रिका देवची आसा. बाबांच्या नावाआधी काय घालूचा? श्री की कै.?"

इतिहासकारांसाठी टीप : माझा थोरला बंधू विठोबा १९९८ सालच्या कार्तिकात होडी घेऊन गेला, तो आला नाही. होडीची एक फळी आचऱ्याच्या बाजूस किनाऱ्याला लागली. दादा कुठेच लागला नाही. देह नाही म्हणून दहन नाही, दहन नाही म्हणून मरण नाही, आणि मरण नाही म्हणून सत्यवती वहिनी आजही रोज सकाळी कुंकू लावतात. शास्त्र सांगते की अशा पुरुषाची बारा वर्षे प्रतीक्षा करावी. पश्चात दर्भाची आणि पळसाच्या पानांची प्रतिमा करून तिला अग्नी द्यावा. हे शास्त्र घरात मीच सांगितले होते. दर्यावर्दी घराण्यात एकजण संस्कृतचा शिक्षक निपजला की घराला अशी फळे चाखावी लागतात. ती बारा वर्षे आता भरत आली.

वहिनी वाल सोलत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "माका एकदा तेंका बघूंदे. मगे काय ता ठरवतंय."

"आये, खंय बघतलंस?" प्रितेशने विचारले.

"क्यासेटीत."

सोमवार, २० सप्टेंबर

क्यासेट बाहेरून तपासली. दादाने नवी होडी बांधली त्या वर्षीच्या नारळी पौर्णिमेचे हे चित्रण. होडीची पूजा, नारळ, आणि दादाने दर्याला घातलेले गाऱ्हाणे. दादाचे फोटो तीन-चार आहेत, पण सगळ्यांत तो दंडाधिकाऱ्यासमोर उभा केल्यासारखा ताठ. हलणारा, बोलणारा दादा जगात एवढ्याच एका ठिकाणी शिल्लक आहे : काळ्या प्लास्टिकच्या पेटीत, वहिनींच्या ट्रंकेत, लग्नातल्या शालूत गुंडाळलेला.

खाऱ्या हवेने त्यालाही सोडलेले नाही. फितीवर पांढरी बुरशी चढली आहे. मालवणच्या एका व्हिडिओवाल्यास दूरध्वनीवरून लक्षणे कथन केली. तो म्हणाला, "सर, एक फेरो मिळात तुमका. दुसऱ्या फेऱ्याक फीत रवाची नाय. त्याच एका फेऱ्यात उतरवून घेवक व्हयी. हाडून द्या माझ्याकडे." ('हाडणे' म्हणजे आणणे, ही इतिहासकारांसाठी टीप.)

वहिनींना सांगितले. त्यांनी क्यासेट उचलून पुन्हा शालूत ठेवली. "घराभायर मी ती सोडूचंय नाय, भावजी. एक सोडलंय, तो परत इलो नाय."

या युक्तिवादाला न्यायशास्त्रात उत्तर नाही. सबब हे कार्य गृहातच करणे प्राप्त आहे, आणि त्यास पात्र असा पुरुष गृहात एकच. त्याच्या पात्रतेविषयी विमलेचे मत भिन्न आहे.

सामग्री सिद्ध आहे. व्हीसीआर अद्याप धडधाकट. तो मी मेव्हण्याच्या घरच्या सत्यनारायणाची क्यासेट घालून तपासला. फीत गिळलीच असती तर समाजाचे हितच झाले असते. संगणक गेल्या दिवाळीतला, नवा. आणि या दोघांमधला दुवा म्हणजे माझा टीव्ही ट्यूनर : २००३ च्या विश्वचषकासाठी घेतलेली, साबणाच्या वडीएवढी डबी. हिची शेपटी संगणकाच्या यूएसबी छिद्रात जाते. दुसऱ्या अंगाला एरियलची आणि व्हीसीआरच्या तारांची छिद्रे. इकडे क्यासेट चालते, तिकडे संगणक तिची प्रत उतरवून घेतो. एकच फेरा पुरे. रविवारी उरकून टाकू, असे मी वहिनींना आश्वासन दिले.

शनिवार, २५ सप्टेंबर

आश्वासन मागे घेतले आहे.

ट्यूनर जोडला. संगणकाने टुणकन आवाज केला, क्षणभर विचार केला आणि पिवळ्या त्रिकोणात उद्गारचिन्ह दाखवून लिहिले : 'अनोळखी उपकरण'.

विमला चहा घेऊन आली होती. तिने वाचले. "सात वर्सां ह्या घरात आसा, आणि अनोळखी?"

मी तिला तत्त्व विशद केले. प्रत्येक उपकरणासोबत 'ड्रायव्हर' नामक आज्ञावली असते. तिला आपण चालक म्हणू. चालक हा सोयरीक जुळवणारा मध्यस्थ. तो उपकरणाचे कुळगोत्र संगणकास सांगतो, मग व्यवहार सुरू होतो. जुन्या संगणकात हा मध्यस्थ होता. तो संगणक गंजून निवर्तला. चालकाची तबकडी कपाटात सापडली खरी, पण तिच्या पाठीवर खारट हवेने नकाशे काढले आहेत, आणि तसेही ती पूर्वीच्या विंडोजसाठी होती. नवी विंडोज तिला उभी करत नाही.

"म्हणजे ओळख सांगणारो मेलो म्हणान डबो अनोळखी झालो," विमला म्हणाली.

दाराशी वहिनी उभ्या होत्या. त्या वळून आत गेल्या. मला चहा गोड लागला नाही. साखर कमी असावी.

शनिवार, २ ऑक्टोबर

सुट्टी. दिवसभर आंतरजालावर भ्रमण. ट्यूनर बनवणारी कंपनी केव्हाच बुडाली. तिच्या संकेतस्थळावर आता केस वाढवण्याचे तेल विकतात. पण आमच्या दुःखाला बंधुभाव आहे. एका चर्चापीठावर पोलंडचा एक गृहस्थ, ब्राझीलचा एक आणि नागपूरचा एक असे सर्व याच डबीसाठी टाहो फोडत होते. शेवटी नागपूरकरांचा एक संदेश : 'सुटले, धन्यवाद.' कसे सुटले, याविषयी अवाक्षर नाही. त्यांना पुढचा जन्म डासाचा मिळो.

एकाने मात्र उपयुक्त लिहिले होते : नाव शोधू नका, पोटातली चिप शोधा. तेव्हा स्क्रू काढून डबी उघडली. भिंगाने चिपवरचा क्रमांक वाचला. त्या क्रमांकाची चिप दुसऱ्या एका कंपनीच्या ट्यूनरमध्येही असते, आणि त्यासाठी कोण्या अज्ञात सज्जनाने चालक रचून ठेवला आहे. तो उतरवून घेतला. आमचे इंटरनेट मध्येच समाधी लावते, त्यामुळे तेवढ्यात जेवण, वामकुक्षी आणि विमलेशी एक वाद होऊन गेला.

रविवार, ३ ऑक्टोबर

चालक आहे, पण त्याच्यावर अधिकृत स्वाक्षरी नाही, म्हणून विंडोज त्याला आत घेईना. कागदपत्र नसलेल्या माणसाचे तहसील कचेरीत जे होते तेच. शेवटी त्याच चर्चापीठावर उपाय मिळाला : संगणक सुरू होताना एफ-आठ ही कळ दाबावी आणि 'स्वाक्षरी नसली तरी चालेल' या अर्थाचा पर्याय निवडावा. एकदा नव्हे, प्रत्येक वेळी. संगणक बंद केला की तो ही संमती विसरतो.

कळ दाबण्यापूर्वी विमला म्हणाली, "गाऱ्हाणा घाला."

परस्थ वाचकासाठी : आमच्याकडे शुभकार्यारंभी एकाने देवाला मालवणीतून मागणे घालायचे, आणि त्याच्या प्रत्येक वाक्याअंती जमलेल्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचे. होकार आला नाही तर गाऱ्हाणे पुरे होत नाही. आमच्या घरात हे काम दादाचे. तो गेल्यापासून गणपतीला शेजारचा गंगाराम येऊन गाऱ्हाणे घालतो. मी मंत्रपुष्पांजली म्हणतो, तीही सस्वर.

"ते माझे क्षेत्र नव्हे," मी म्हणालो.

"तुमचा क्षेत्र आमका म्हायत आसा," म्हणून तिनेच हात जोडले. "बा देवा म्हाराजा, ह्या डबड्यान आमच्या घोवाक वेड लावला हा, त्या डबड्याक अक्कल दी रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा," स्वयंपाकघरातून वहिनींचा आवाज आला. त्यात हसू होते. कित्येक दिवसांनी.

कळ दाबली. पिवळा त्रिकोण गेला. डबीचा हिरवा दिवा लागला.

शनिवार, ९ ऑक्टोबर

व्हीसीआर जोडण्यापूर्वी शास्त्रीय पद्धतीने एरियलवर चाचणी घ्यावी, असे ठरवले. जुने एरियल कौलांवर अद्याप उभे आहे, समुद्राकडे तोंड करून. तार लावली. सह्याद्री वाहिनी अंधुक आली. बाकी सर्वत्र नुसत्या पांढऱ्याकाळ्या मुंग्या.

दिवेलागणीस वहिनी देवाजवळ निरांजन लावून आल्या आणि मुंग्यांसमोर बसल्या. बघत राहिल्या. मी सौजन्याने म्हणालो, "वयनी, ह्यात काय्येक नाय."

"माणूस आसा," त्या म्हणाल्या.

मी चष्मा पुसून पाहिले. मुंग्यांच्या मागे, तळाशी गेलेल्या वस्तूसारखी, एक आकृती होती. पाठमोरा पुरुष. दोन्ही हातांनी काहीतरी ओढत होता. मग पडदा लाटेसारखा खालून वर सरकला आणि तो गेला.

रविवार, १० ऑक्टोबर

या प्रकाराला शास्त्रीय कारण आहे. आमच्या शाळेतल्या भौतिकशास्त्राच्या विनीताबाईंना फोन करून विचारले. ऑक्टोबरच्या उकाड्यात समुद्रावर हवेचे थर असे बसतात की एरवी आकाशात विरणाऱ्या लहरी पाण्याला धरून दूरवर येतात. मस्कत, कराची, कुठलेही केंद्र क्षणभर दिसू शकते. म्हणजे तो कोणी अरब कोळी, आपल्या देशाच्या कृषिविषयक कार्यक्रमात जाळे ओढणारा. शंका फिटली.

वहिनींना हे सविस्तर सांगितले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले.

"म्हणजे दर्याच्या पलीकडसून येता ता."

"अगदी बरोबर."

"मगे मी काय वेगळा म्हणतंय? थंय आसत ते."

बुधवार, १३ ऑक्टोबर

वहिनी रोज दिवेलागणीला बसतात. मीही बसतो, निरीक्षणाच्या नोंदी ठेवणारा कोणी हवाच. तो काल आला, आज आला. नेहमी पाठमोरा. आज त्याने डावा खांदा किंचित उडवला. घामाने सदरा चिकटला की दादा तसा खांदा उडवत असे. कोट्यवधी पुरुष तसा उडवत असतील.

आज मधल्या सुट्टीत शाळेच्या ग्रंथालयात नकाशा पाहिला. कार्तिकात वारा कोणत्या दिशेने वाहतो, प्रवाह कुठे जातात, हे मला ठाऊक असायला हवे होते. मी कोळ्याच्या पोटी जन्मलो, पण मेघाचा मार्ग पाठ केला आणि दर्याचा नाही. मस्कत वाटते तितके दूर नाही. ही केवळ भौगोलिक जिज्ञासा.

संगणक मी आता बंद करत नाही. बंद केला तर पुन्हा एफ-आठ दाबावे लागते, एवढेच कारण.

रविवार, १७ ऑक्टोबर, दसरा

शस्त्रपूजन. कोयता, विळी, माझे भिंग आणि ट्यूनर यांना झेंडूची फुले वाहिली. विमलेने विचारले, "डबो चलता, व्हीसीआर चलता. क्यासेट कधी लावतलास?"

सांगितले की आज विजेचा दाब अनियमित आहे.

"काल?"

काल आर्द्रता प्रतिकूल होती.  विमलेने झेंडूचे एक फूल उचलून माझ्या कानामागे खोचले. म्हणाली, "ह्याचीय पूजा होवक व्हयी, बऱ्याच दिवसांत वापराक नाय."

रविवार, २४ ऑक्टोबर

प्रितेशचा फोन. छापखानेवाला थांबायला तयार नाही. उर्वशीचे वडीलही विचारू लागले आहेत : विहीणबाईंची ओटी भरायची की नाही? प्रश्न सभ्यतेने विचारला, पण विचारला.

"काका, आईक काय झालाहा? फोनवर माका सांगता, बाबा रोज दिसतत म्हणान."

मी त्याला लहरींचे तत्त्व समजावले. तो मध्येच म्हणाला, "काका, तुमकाय दिसतत?"

ध्वनी अस्पष्ट येत होता, म्हणून फोन ठेवला.

विमला पाठीशी उभी होती. "बाय भियत नाय," ती वहिनींविषयी म्हणाली, "तुमी भियतास. क्यासेट लावलास की तो एकदा सरळ तोंडान दिसतलो. मगे ह्या मुंग्यांतल्याचा काय करतलास?"

विमलेस शास्त्रीय दृष्टी नाही.

पण आज दिवेलागणीला तो आलाच नाही. वहिनी बराच वेळ बसल्या. शेवटी उठताना म्हणाल्या, "भावजी, थंडी पडाक लागली. आता तेंका येवक जमाचा नाय. येत्या आयतवारी लावया क्यासेट."

रविवार, ३१ ऑक्टोबर

झाले. जसे झाले तसे लिहितो. आज अलंकार सुचत नाहीत.

निर्विघ्नतेसाठी संगणक नव्याने सुरू केला. एफ-आठ. स्वाक्षरी नसली तरी चालेल. हिरवा दिवा. तारा जोडल्या. प्रितेशने आणून दिलेला कॅमेरा पडद्याच्या माथ्यावर होता. प्रितेशशी बोलण्यासाठी तो आम्ही वापरतो. वहिनी नेसून-सवरून बसल्या. नवे कुंकू. मी नोंदणीची कळ दाबली, मग क्यासेट आत ढकलली.

बुरशीच्या पांढऱ्या रेघा, आणि त्यांच्यामागून दादा. समोरून. किती तरुण! माझ्यापेक्षा कितीतरी तरुण. नव्या होडीच्या पुढच्या टोकाशी, नाळेशी उभा, हातात नारळ. तो तोंड उघडतो आणि—

आवाज नाही.

ध्वनीची तार मी जोडली होती. ती नीट बसली नसावी, की संगणकात काही निवडायचे राहिले? व्हीसीआरच्या पोटातून कुरकुर ऐकू येऊ लागली होती. थांबवले तर फीत तुटणार. चालू ठेवले तर दादा मुका. माझे हात तारांवर होते आणि मला कुठली कोणती, ते आठवेना.

पडद्यावर दादाने हात जोडले. ओठ हलू लागले. गाऱ्हाणे सुरू झाले होते आणि आमच्याकडे नुसती कुरकुर.

वहिनी म्हणाल्या, "भावजी, म्हणा."

"काय?"

"गाऱ्हाणा. तुमका येता. म्हणा, तेंचा तोंड हलता तसा."

मी ते कधी म्हटलेले नाही. पण लहानपणापासून बापाच्या, मग दादाच्या तोंडून ऐकलेले आहे. ते कुठे तरी हाडांत असते. माझ्या तोंडून निघाले, "बा देवा म्हाराजा, दर्याच्या राजा, आज ही नयी होडी तुझ्या पायार हाडली हा म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा," वहिनी म्हणाल्या.

"तिका वारो बरो दी, पाणी बरा दी रे म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा."

"जाळ्याक मासळी दी, घराक सुख दी रे म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा." आता विमलाही दाराशी येऊन म्हणत होती.

पुढचे वाक्य मला ठाऊक होते. दादाचे ओठ तिथे पोचले. "आणि दर्यात गेलेलो माणूस..." मी थांबलो. तो थांबला नाही. मी पुन्हा धरले : "...दर्यात गेलेलो माणूस घराक परत हाड रे म्हाराजा."

 मला वाटले, वहिनी याला होकार देणार नाहीत. कोण म्हणेल? मग त्या अगदी हळू म्हणाल्या, "व्हय म्हाराजा."

दादाने मान वळवली. कॅमेऱ्याच्या जरा बाजूला पाहिले आणि हसून आणखी काही म्हणाला. हे गाऱ्हाण्यात नेहमी नसते. मला शब्द माहीत नव्हते. त्या दिवशी मी कॅमेऱ्याच्या बाजूलाच उभा होतो आणि व्हिडिओवाल्याला नौका या शब्दाची व्युत्पत्ती सांगत होतो. मी ऐकले नव्हते. माझे तोंड उघडे राहिले. शब्द फुटला नाही. घरात फक्त कुरकुर, आणि बाहेर समुद्र.

त्या निःशब्दाला वहिनी स्पष्ट म्हणाल्या, "व्हय म्हाराजा."

दादाने नारळ फेकला. व्हीसीआरने आवंढा गिळल्यासारखा आवाज केला आणि पडदा निळा झाला. क्यासेट बाहेर काढली तर फीत आत गुंतलेली, चुरगळलेली, दोन ठिकाणी तुटलेली. वहिनींनी ती हाताने सोडवली आणि मासळीची आतडी काढताना लागते तेवढ्याच हलक्या बोटांनी गुंडाळून घेतली.

"वयनी, शेवटी काय म्हणालो तो?"

"तुमचा नाव घेतल्यानी."

"आणि?"

"ता मी कशाक सांगू? तुमच्यासाठी म्हणाले होते ते. तुमीच ऐकूक व्हया होता."

सोमवार, १ नोव्हेंबर

शाळेतून आल्यावर संगणकातली प्रत लावली. चित्र उत्तम उतरले आहे. आवाज? माझ्या गलथानपणाचे रहस्य उलगडले : ध्वनी कुठून घ्यायचा, हे निवडायचे मी विसरलो, आणि संगणकाने आपण होऊन कॅमेऱ्यातला माइक निवडला. व्हीसीआरचा आवाज त्याने घेतलाच नाही, खोलीचा घेतला. म्हणजे दादाचे ओठ आणि माझा आवाज. होकार आजचे, होडी तेव्हाची. भावंडांचा कंठ सारखाच असतो, हे मला माहीत नव्हते. डोळे मिटले तर मला मीच ओळखू येईना.

विमला आणि वहिनी येऊन मागे बसल्या. घराक परत हाड रे म्हाराजा. व्हय म्हाराजा. दादाने मान वळवली. आता माझ्या तोंड उघडे टाकून बसण्याचा भाग येणार, म्हणून मी आधीच लाजलो.

आणि तिथे आवाज होता.

"...आणि माझ्या बाबलीचो घसो बरो रवांदे रे म्हाराजा, शाळेत वराडता तो."

"व्हय म्हाराजा."

बाबली हे माझे घरातले नाव. ते घेऊन मला हाक मारणारा आता कोणी उरलेला नाही.

विमलेने माझा दंड धरला. "अवो, तुमी थंय गप होतास. मी दारात होतंय."

मी खाकरलो. ध्वनिवाहिनीची तार अर्धवट खोचलेली असताना कधीकधी एका मार्गातला संकेत दुसऱ्या मार्गात पाझरतो. या पाझरास यंत्रविद्येत विशिष्ट संज्ञा आहे, आणि तदनुसार मूळ फितीतला ध्वनी त्या एका क्षणापुरता, केवळ योगायोगाने...

वहिनी माझ्याकडे बघत होत्या. मी वाक्य पुरे करावे, म्हणून थांबल्या होत्या.

"यंत्रदोष," मी म्हणालो.

"व्हय म्हाराजा," वहिनी म्हणाल्या.

मग पदर सावरून उठल्या. "तेंचा सांगूचा रवलेला, ता झाला. प्रितेशाक फोन करा. कै. घाल म्हणान सांगा. आणि ता कौलावरचा एरियल उतरवा आता, कावळे बसतत."

रविवार, १४ नोव्हेंबर

आज किनाऱ्यावर विधी झाला. प्रितेश आला होता. भटजींनी दर्भाचा देह केला, पळसाच्या पानांचे हातपाय, नारळाचे मस्तक. हे सर्व लोकरीच्या सुताने बांधायचे असते. वहिनींनी पदराखालून गुंडाळी काढली : तपकिरी, चकचकीत फीत.

"ह्येना बांधा."

भटजी दचकले. "अहो, शास्त्रात ऊर्णासूत्र सांगितलंय. हे प्लास्टिक..."

मी पुढे झालो. आयुष्यभर ज्या विद्येचा केवळ दिमाख मिरवला, ती आज प्रथमच कामी येणार होती. धीरगंभीर स्वरात म्हणालो, "ऊर्णाभावे यथोपलब्धेन सूत्रेण। म्हणजे लोकर नसेल तर मिळेल त्या सुताने."

"हे कुठलं वचन?"

"अत्यंत प्राचीन." ते उच्चारून फार तर पाच श्वास झाले होते.

भटजींनी माझ्याकडे पाहिले, वहिनींकडे पाहिले, आणि फीत हातात घेतली. दादाचे हसू, नारळ, नवी होडी आणि माझे नाव यांनी पळसाची पाने बांधली गेली. प्रितेशने अग्नी दिला. काळा धूर निघाला, खाली वाकला आणि पाण्यावरून पश्चिमेकडे गेला. वहिनी पुळणीत तो दिसेनासा होईपर्यंत उभ्या होत्या. मग त्यांनी पाण्यात जाऊन कपाळ धुतले. कोणी पुसले नाही. कोणाला पुसू दिले नाही.

परतताना प्रितेश म्हणाला, "आये, लग्नात तू पुढे बसतलंस हां. उर्वशीच्या घरी मी सांगान ठेवलाहा. ओटी तुझीच भरतले."

"बसतंय रे. मगे काय मागे बसान पानां वाढू?"

मंगळवार, १६ नोव्हेंबर

काल वीज गेली आणि संगणक बंद पडला. आज सुरू केला तेव्हा एफ-आठ दाबली नाही. पिवळा त्रिकोण परत आला : अनोळखी उपकरण. ट्यूनर काढून खोक्यात ठेवला.

घरात कोणी नव्हते. ती प्रत लावली. दर्याच्या राजा. वारो बरो दी. घराक परत हाड रे म्हाराजा. व्हय म्हाराजा. दादाने मान वळवली, हसला, ओठ हलले.

काही नाही. कुरकुर, आणि बाहेरचा समुद्र. मग त्या शांततेला वहिनींचा एकटा होकार.

पुन्हा लावली. पुन्हा तेच. संगणकातली प्रत आपली आपण बदलत नाही, एवढे मला कळते. कारण शोधता येईल. ती तार अजून टेबलामागे लोंबते आहे. अर्धवट खोचलेली होती की पूर्ण, हे वाकून पाहिले तर क्षणात कळेल. पाहिले नाही. विमलेला किंवा वहिनींना सांगणार नाही.

संध्याकाळी प्रितेशचा फोन आला. पत्रिका छापून झाल्या. मग जरा चाचरत म्हणाला, "काका, लग्नाच्या आधी घरात गाऱ्हाणा घालूचा लागतला. गंगारामकाकाक सांगू?"

"नको," मी म्हणालो. "मी घालतंय."

"तुमका जमात?"

खिडकीतून समुद्र दिसत होता. मी एकदा खाकरून पाहिले.

घसा बरा आहे.